गृहकर्जाच्या जाहिरातीत एकूण परतफेडीचा आकडाही हवा

मा. संपादक महोदय,

स. न. वि. वि.

सिंहस्थ कुंभमेळा तोंडावर आल्यापासून नाशिकमध्ये घरांच्या जाहिरातींना ऊत आला आहे. आडगाव, मखमलाबाद, पाथर्डी फाटा, गंगापूर रोड, कोणत्याही रस्त्याने जा, चौकाचौकात फलक लागलेले दिसतात आणि त्यांतल्या अनेकांवर घराच्या किमतीपेक्षा महिन्याचा हप्ताच मोठ्या अक्षरांत लिहिलेला असतो. तो हप्ता किती वर्षे भरायचा आहे आणि वर्षे सरल्यावर सगळे मिळून किती रुपये गेलेले असतील, हे मात्र बारीक अक्षरांतही कुठे वाचायला मिळत नाही. त्याबद्दल हे पत्र आहे.

मी 31 वर्षे एका सहकारी पतसंस्थेत हिशेबनीस होतो. टेबलासमोर येऊन बसलेल्या कर्जदाराचा पहिला प्रश्न नेहमी ठरलेला असे, ‘साहेब, हप्ता किती बसेल?’ हप्ता पगारात बसतो एवढे कळले की माणूस निश्चिंत होऊन सह्या करायला घेत असे. एकूण किती भरावे लागतील असे विचारणारे त्या सर्व वर्षांत मला हाताच्या बोटांवर मोजण्याइतकेच भेटले. यात कर्जदाराला दोष देण्याचे कारण नाही, कारण महिना कसा निघेल हीच नोकरदाराची रोजची चिंता असते. परंतु गृहकर्जाचा खरा भार महिन्याच्या हप्त्यावरून कळतच नाही.

साधे उदाहरण घेऊ. 30 लाखांचे कर्ज, साडेआठ टक्के व्याज, मुदत 20 वर्षे. हप्ता येतो 26,035 रुपये. 240 हप्त्यांची बेरीज होते साधारण 62 लाख 48 हजार, म्हणजे मुद्दलाहून व्याजच अधिक. हप्ता जड वाटला म्हणून मुदत 30 वर्षे करून घेतली, तर तो 23,067 वर येतो, आणि महिन्याला तीन हजारांचा दिलासा मिळाला म्हणून घरचे सगळे खूश होतात. पण त्या दिलाशापोटी एकूण परतफेड 83 लाखांवर जाते, म्हणजे सुमारे साडेवीस लाख रुपये जास्तीचे भरावे लागतात. उलट मुदत 15 वर्षांची ठेवली तर हप्ता 29,542 होतो. हे साडेतीन हजार ज्यांना झेपतात, त्यांचे 20 वर्षांच्या तुलनेत सव्वानऊ लाखांहून अधिक रुपये वाचतात. हे तीन आकडे एका कागदावर शेजारीशेजारी मांडून मिळाले असते, तर मुदतीचा निर्णय वेगळा घेतला असता, असे म्हणणारी कितीतरी कुटुंबे माझ्या ओळखीत आहेत.

दुसरी गोष्ट, जी कर्ज घेऊन पाच-सहा वर्षे झालेल्यांनाही पुष्कळदा ठाऊक नसते. वरच्या उदाहरणात पहिल्या महिन्याच्या 26,035 रुपयांपैकी 21,250 रुपये व्याजात जातात आणि मुद्दलातून फक्त 4,785 रुपये कमी होतात. पाच वर्षे एकही हप्ता न चुकवता साडेपंधरा लाखांहून अधिक भरले, तरी मुद्दल फिटते ते साडेतीन लाखांच्या आसपास. निम्मे मुद्दल फिटायला तेरा वर्षे दहा महिने लागतात. यात बँकेची लबाडी काही नाही. व्याज शिल्लक रकमेवर आकारले जाते आणि सुरुवातीला शिल्लकच मोठी असते, म्हणून असे होते. पण हे माहीत नसलेला माणूस सातव्या-आठव्या वर्षी घर विकायला काढतो किंवा कर्ज मिटवायला बँकेत जातो, तेव्हा शिल्लक रकमेचा आकडा ऐकून त्याच्या पायाखालची जमीन सरकते.

आता घरचेच सांगतो. माझ्या मुलाने जानेवारी 2021 मध्ये पाथर्डी फाट्याजवळ टू बीएचके घेतला. कर्ज 30 लाखांचे, मुदत 20 वर्षे, व्याज 6.70 टक्के आणि हप्ता 22,722 रुपये. त्या वेळी रेपो दर, म्हणजे रिझर्व्ह बँक ज्या व्याजाने बँकांना कर्ज देते तो दर, 4 टक्के होता आणि गृहकर्जे कधी नव्हे इतकी स्वस्त होती. मे 2022 पासून रिझर्व्ह बँकेने तो वाढवायला सुरुवात केली आणि फेब्रुवारी 2023 पर्यंत 6.50 टक्क्यांवर नेला. मुलाच्या कर्जाचा दर रेपोशी जोडलेला असल्याने तोही अडीच टक्क्यांनी वाढून 9.20 झाला. पण खात्यातून दरमहा 22,722 रुपयेच वळते होत होते, त्यामुळे आपल्याला काही झळ लागली नाही अशीच त्याची समजूत होती. मधल्या काळात मोबाइलवर दोन-तीन इंग्रजी संदेश येऊन गेले होते. ते त्याने नीट वाचले नव्हते.

एप्रिल 2023 मध्ये आयकराच्या कामासाठी त्याने कर्जखात्याचा उतारा काढून आणला आणि तो मी सवयीने खालपासून वरपर्यंत वाचला. त्या महिन्याच्या रांगेत व्याजाच्या रकान्यात 21,900 च्या पुढचा आकडा होता आणि मुद्दलाच्या रकान्यात आठशे रुपयेही पुरते नव्हते. मला आधी छपाईची चूक वाटली. मग वही घेऊन बसलो. 27 हप्ते, म्हणजे सहा लाखांहून अधिक रुपये भरून झाले होते आणि शिल्लक होती जवळपास 28 लाख 60 हजार. याच हप्त्याने आणि याच दराने कर्ज फेडायचे म्हटले तर आणखी 439 हप्ते लागत होते. 20 वर्षांचे कर्ज सव्वादोन वर्षे फेडल्यानंतर साडेछत्तीस वर्षांचे झाले होते. मुलगा तेव्हा चाळिशीत होता. त्याने तो आकडा पाहिला आणि बराच वेळ काही बोलला नाही. सूनबाई ताटे वाढून बोलवायला आली, तर जेवायलाही उठला नाही.

दुसऱ्या दिवशी आम्ही दोघे शाखेत गेलो. तिथल्या अधिकाऱ्यांनी शांतपणे सांगितले की दर वाढला की हप्ता तसाच ठेवून मुदत वाढवायची, अशीच व्यवस्था संगणकात लावलेली आहे. हप्ता वाढवायचा का, हे कुणी विचारले होते का, यावर त्यांच्याकडे उत्तर नव्हते. आम्ही अर्ज दिला आणि मुदत मूळचीच ठेवून हप्ता वाढवून घेतला. नवा हप्ता 27,300 च्या आसपास बसला. साडेचार हजारांचा हा वाढीव बोजा सोपा नव्हता. सूनबाईने घरी शिकवण्या सुरू केल्या आणि गाडी घेण्याचा विचार पुढे ढकलला गेला. पण दोन्ही वाटांची बेरीज मी करून पाहिली होती. दर 9.20 वरच राहिला असे धरले, तर जुन्या हप्त्याने पुढे जवळजवळ एक कोटी रुपये भरावे लागणार होते आणि नव्या हप्त्याने 58 लाखांच्या आसपास. सुमारे 41 लाखांचा हा फरक एका अर्जाने पडला, आणि तो अर्ज करता येतो हे आम्हाला कुणी सांगितलेले नव्हते.

रिझर्व्ह बँकेने 18 ऑगस्ट 2023 रोजी याच विषयावर परिपत्रक काढले. दर बदलताना हप्ता वाढवायचा, मुदत वाढवायची की दोन्ही थोडे थोडे करायचे, हे निवडण्याची संधी कर्जदाराला द्यावी. बँकेच्या धोरणानुसार स्थिर व्याजदराकडे जाण्याचा पर्याय द्यावा (हे बंधन सप्टेंबर 2025 पर्यंतच होते). मुदत अशी ताणू नये की हप्त्यातून व्याजही भागेनासे होईल. आणि आतापर्यंत किती मुद्दल फिटले, किती व्याज गेले, किती हप्ते उरले याचे विवरण दर तिमाहीला द्यावे, असे त्यात स्पष्ट म्हटले आहे. जुन्या कर्जदारांनाही हे 31 डिसेंबर 2023 पर्यंत लागू करायचे होते. पुढे 1 ऑक्टोबर 2024 पासून नव्या कर्जांसाठी मुख्य तथ्य विवरणपत्र देणेही बंधनकारक झाले. त्यात सर्व शुल्कांसह वार्षिक खर्चाचा दर आणि परतफेडीचे महिनावार कोष्टक द्यावे लागते आणि ते कर्जदाराला समजेल अशा भाषेत असावे लागते.

नियम चांगले आहेत. पण माझ्या शेजारच्या एका तरुण जोडप्याने अलीकडेच कर्ज घेतले, तेव्हा ते विवरणपत्र त्यांना 60-70 पानांच्या इंग्रजी गठ्ठ्यात मिळाले आणि ‘इथे, इथे आणि इथे सही करा’ यापलीकडे कुणी काही समजावून सांगितले नाही. त्याच गठ्ठ्यात 90 हजार रुपयांच्या कर्जविम्याचा अर्जही होता, आणि त्याचा हप्ता कर्जाच्या रकमेतच मिळवलेला होता. विम्याला माझा विरोध नाही. कमावत्या माणसाच्या मागे कर्ज राहू नये, म्हणून तो असलाच पाहिजे. पण तो बँकेकडूनच घेतला पाहिजे असे बंधन नाही, आणि कर्जात मिळवलेले ते 90 हजार साडेआठ टक्क्यांनी 20 वर्षांत पावणेदोन लाखांच्याही वर जातात, हे त्या जोडप्याला मी सांगेपर्यंत माहीत नव्हते.

बांधकाम चालू असलेल्या इमारतीत घर घेणाऱ्यांचा प्रश्न आणखी निराळा आहे. ताबा मिळेपर्यंत अनेक जण केवळ दिलेल्या रकमेचे व्याज भरतात. 20 लाख रुपये बिल्डरकडे गेले असतील तर साडेआठ टक्क्यांनी ते महिन्याला 14 हजारांच्या वर होते. दोन वर्षे ताबा लांबला तर तीन लाख 40 हजार रुपये जातात, मुद्दल रुपयानेही कमी होत नाही, आणि राहत्या घराचे भाडे चालूच असते. मुद्रांक शुल्क, नोंदणी, सोसायटीचा देखभाल खर्च, घरपट्टी यांचा हिशेब लोक बहुधा करतात, म्हणून त्यावर लिहीत नाही. आयकराबद्दल मात्र लिहिले पाहिजे. ‘कर्ज असू द्या, कर वाचतो’ हा सल्ला अजूनही सर्रास दिला जातो. स्वतः राहत असलेल्या घराच्या व्याजावरची दोन लाखांपर्यंतची वजावट केवळ जुन्या करप्रणालीत मिळते. नव्या प्रणालीत ती नाही. आणि जुन्या प्रणालीतही तीस टक्क्यांच्या टप्प्यातला माणूस शंभर रुपये व्याज भरून तीस-एकतीस रुपये कर वाचवतो, बाकीचे सत्तर रुपये त्याच्या खिशातूनच जातात.

कर्ज काढून घर घेऊच नये, असे मी म्हणणार नाही. भाडे वाचते, हक्काचा निवारा होतो, आणि 20 वर्षांनंतरच्या रुपयाला आजच्या रुपयाची किंमत नसते, तेव्हा 62 लाखांचा आकडा आजच्या 62 लाखांसारखा मोजणेही बरोबर नाही. कर्जाशिवाय माझ्या मुलाचे घर झालेच नसते. माझे म्हणणे एवढेच आहे की ज्या व्यवहारात माणूस आपली कमावती उमेद गहाण टाकतो, त्याचा पूर्ण हिशेब सही करण्यापूर्वी, स्वतःच्या भाषेत, त्याच्या हातात पडला पाहिजे.

ज्यांचे कर्ज चालू आहे त्यांच्यासाठीही काही हाती आहे. वैयक्तिक कर्जदाराने घेतलेल्या बदलत्या व्याजदराच्या गृहकर्जावर मुदतपूर्व परतफेडीचा दंड आकारता येत नाही. वर सांगितलेल्या 30 लाखांच्या कर्जात दरवर्षी फक्त एक हप्ता जादा भरला, दिवाळीच्या बोनसमधून म्हणा, तरी 20 वर्षांचे कर्ज पावणेसतरा वर्षांत फिटते आणि सहा लाखांहून अधिक रुपये वाचतात. भरताना मात्र ‘मुदत कमी करा’ असे लेखी सांगावे, नाहीतर बँक हप्ता कमी करून देऊ शकते आणि मग लाभ बराच घटतो. फेब्रुवारी 2025 पासून रेपो दर कमी होऊ लागला आणि जूनपर्यंत तो 5.50 टक्क्यांवर आला. ही घट आपल्या खात्यात उतरली का, आणि नव्या ग्राहकाला आपल्यापेक्षा कमी दर मिळतो आहे का, हेही शाखेत जाऊन विचारावे. माझ्या मुलाने विचारले. दर खाली आला तेव्हा त्याने हप्ता तसाच ठेवला आहे, आणि आता उताऱ्यावरचे उरलेले हप्ते दर तिमाहीला अपेक्षेपेक्षा जास्त कमी होताना दिसतात.

शेवटी आपल्याकडे एक विनंती आहे. आपल्या मालमत्ता पुरवणीत दर आठवड्याला पानभर जाहिराती असतात. त्याच पानाच्या कोपऱ्यात चार ओळींची एक चौकट छापता येईल: 30 लाखांच्या कर्जाला चालू दराने 15, 20 आणि 30 वर्षांसाठी हप्ता किती आणि एकूण परतफेड किती. दर बदलला की आकडे बदलावे लागतील, तेवढेच काम. ते करून देणारे कुणी नसेल, तर दर आठवड्याला तो तक्ता करून आपल्या कार्यालयात आणून द्यायला मी तयार आहे.

आपला नम्र,
एक निवृत्त हिशेबनीस,
इंदिरानगर, नाशिक