नुनावुतच्या आरोग्यमंत्र्यांना: पोरींची बाळंतपणं त्यांच्या गावात होऊ द्या

माननीय आरोग्यमंत्री,

मी मराठी, राहते ओटावात. आमच्यात पहिलं बाळंतपण माहेरी, आईजवळ. तुमच्या नुनावुतमधल्या, कॅनडाच्या अगदी उत्तरेकडच्या, पोरींना मात्र नेमकं त्याच वेळी घर सोडावं लागतं, आणि ते मला अजिबात पटत नाही.

नुनावुतची 25 गावं, एकमेकांना जोडणारे रस्ते नाहीत, सगळं विमानाने. बहुतेक गावांत फक्त हेल्थ सेंटर, म्हणून 36-37 आठवडे झाले की पोरीला राजधानीत इकालुइटला नाहीतर थेट ओटावा, विनिपेग, येलोनाइफला पाठवतात, आणि मग बोर्डिंग होममधे कळा यायची वाट बघत बसायचं. यातल्या कित्येकी सतरा-अठराच्या असतात, कॅनडात टीनएज आयांचं प्रमाण सगळ्यात जास्त तुमच्याकडेच आहे. 2017 पासून सोबत एक जण न्यायचा खर्च मिळतो, चांगलंच झालं, पण आईला न्यायचं की बाळाच्या बापाला? आणि आई गेली तर धाकट्या भावंडांना कोण बघणार?

या पोरींना नुसतं "प्रॉब्लेम" म्हणू नका हो. इनुइट, म्हणजे तुमच्याकडच्या मूळ रहिवाशांच्या, घरात बाळ आलं की आजी, मावशी सगळे सांभाळतात, नात्यात मूल दत्तक द्यायची जुनी रीत तर तुमच्या कायद्यानेही मान्य केलीय. हाल आहेत ते वेगळेच, एकेका घरात दाटीवाटीने राहणारी माणसं, डेकेअर नाही म्हणून सुटलेली शाळा, दुकानात परवडत नाही असं दूध.

शेजारी, क्वेबेक प्रांताच्या उत्तरेतल्या नुनाविकमधे बघा. पुविर्नितुकला 1986 पासून गावातच बाळंतपणं होतात, तिथल्याच इनुइट बायका काम करता करता मिडवाइफ, म्हणजे शिकलेल्या सुइणी, झाल्या, नंतर इनुकजुआक आणि सालुइतलाही सेंटर निघालं. सिझेरियनची सोय तिथेही नाही, त्यासाठी विमानच लागतं, पण कोणाला पाठवायचं हे केस बघून ठरवतात, सरसकट सगळ्यांना नाही. तुमच्याकडे रँकिन इनलेटला बर्थिंग सेंटर निघालं पण मिडवाइफ सोडून गेल्या की काम अडतं, कारण गावातल्या पोरी पुरेशा तयार केल्या नाहीत.

तेव्हा मागणी एवढीच, मिडवाइफचं ट्रेनिंग गावात द्या, त्यांच्या इनुक्टिटुट भाषेत द्या, शिकताना पगार द्या, आणि हायस्कूलला लागून डेकेअर काढा म्हणजे बाळ झालेली पोरगी बारावी तरी करेल. पुढच्या बजेटमधे यासाठी किती पैसे ठेवताय ते जाहीर सांगा.

आपली,
ओटावातली एक मराठी आई