ग्रामपंचायतीला उभं राहण्याआधी

मुलुंड, मुंबई

प्रिय बाळ्या,

तुझा लांबलचक मेसेज वाचला. फोन करावा तर तुझ्या घरी रेंज नाही आणि मला लोकलमध्ये ऐकू येत नाही, म्हणून हे पत्र. वाडीतली माणसं दोनदा येऊन गेली, ग्रामपंचायतीला उभे राहा म्हणाली, आणि तू त्यांना चहा पाजून सांगितलंस की राजकारण हा आपला प्रांत नव्हे. आणि वर मला विचारतोस, "हे राजकारण म्हणजे नेमकं असतं काय, सुरुवातीपासून सांग." आधी नकार, मग अभ्यास! बँकेतून रिटायर होऊनही तुझी सवय गेली नाही.

टीव्हीवर रोज संध्याकाळी चालतं तेवढंच राजकारण, असं धरलंस तर तुझा नकार बरोबरच आहे. कोण कुणाच्या बंगल्यावर जेवलं, कोणता गट फुटला, याने तुझ्या पाणंदीवर खडी पडणार नाही. पण लालबागच्या चाळीतला आपला नळ आठव. पाणी पहाटे यायचं आणि हंडे-कळशा, डालड्याचे डबे रात्रीच रांगेत लागायचे. पहिल्या फेरीत बिऱ्हाडामागे दोन हंडे, पिण्याचं आधी, धुण्याचं नंतर. ज्या घरात बाळंतीण असेल किंवा कुणी गेलं असेल, त्या घराला रांग नाही. हा कायदा कुठेही लिहिलेला नव्हता, तरी मोडायची कुणाची छाती नव्हती. मोडला की दोन दिवस अख्ख्या मजल्यावर त्या बाईशी कुणी बोलायचं नाही, एवढीच शिक्षा, पण जबर.

तिसऱ्या पाळीच्या गिरणी कामगारांचं आठवतंय? ते सकाळी परत यायचे तोवर पाणी गेलेलं असायचं. एकटा राहणारा माणूस रांगेत हंडा ठेवून जायचा आणि त्याचा हंडा सरकत सरकत भिंतीला लागायचा. त्यावर नळावरच्या बायकांनीच तोडगा काढला: पाळीवर गेलेल्याचा हंडा, त्याच्या मागचा नंबर जिचा असेल तिने भरायचा. ही सरळ सरळ कायद्यातली दुरुस्ती होती, विधानसभेत होते तशीच. पुरुष फक्त गॅलरीतून ओरडायचे. आणि मग घरमालकाच्या मर्जीतल्या एकाने मोटर लावली, पाणी थेट वर खेचायला लागला. त्याला कुणी काही करू शकलं नाही. नियम आणि सत्ता यांतला फरक मला तिथे कळला.

बऱ्याच लोकांना एकत्र राहायचं आहे, वस्तू थोडी आहे, सोडून कुणी जाऊ शकत नाही, आणि मारामारी न करता वाटणी ठरवायची आहे. एवढं जमलं की राजकारण सुरू झालं. बाकी पक्ष, झेंडे, सभा हे त्याच्यावर चढलेले थर. मी कुठलीही व्यवस्था पाहिली की इतकंच विचारतो: हे ठरवताना खोलीत कोण होतं, कोण बाहेर राहिलं, आणि ठरवणाऱ्याला हिशेब कुणाला द्यावा लागतो?

त्याच नळाचं पुढचं सांगतो. मुंबईला सात तलावांतून रोज साडेतीन हजार दशलक्ष लिटरहून अधिक पाणी येतं. विहार आणि तुळशी शहरात, बाकीचे पार ठाणे-पालघर-नाशिककडे. तानसा आणि भातसा शहापूर तालुक्यात. त्याच तालुक्यातल्या कित्येक पाड्यांवर उन्हाळ्यात टँकर लागतो. जलवाहिनी दारावरून जाते आणि बाई हंडा घेऊन डोंगर उतरते. हे कुणा दुष्ट माणसाने ठरवलेलं नाही. मुंबई महापालिकेत २२७ नगरसेवक आहेत, त्यातला एकही शहापूरच्या मतावर निवडून येत नाही, बस्स. खोलीत नाही तो यादीत नाही.

आता आम्हा मुंबईकरांना तरी आपण खोलीत आहोत असं वाटतं. तेही अर्धंच खरं. नगरसेवक आपण निवडतो, पण १८८८ च्या महापालिका कायद्याप्रमाणे कारभाराचे खरे अधिकार आयुक्ताकडे, आणि आयुक्त नेमतं राज्य सरकार. पोलीस राज्याचे, लोकल केंद्राची, मेट्रो कुणाची विचारशील तर लाइनीवर अवलंबून, झोपडपट्टी पुनर्वसनाला वेगळं प्राधिकरण. सकाळी माणूस घरातून निघून ऑफिसात पोचेपर्यंत चार-पाच सरकारांच्या हद्दीतून जातो आणि शिव्या मात्र एकालाच घालतो. मार्च २०२२ मध्ये पालिकेची मुदत संपली, ती निवडणूक थेट जानेवारी २०२६ मध्ये झाली. मधल्या काळात राज्य सरकारने नेमलेला प्रशासक. २०२५-२६ चा अर्थसंकल्प ७४,४२७ कोटींचा होता आणि त्यावर उभं राहून प्रश्न विचारायला सभागृहात एकही नगरसेवक नव्हता. गटारं तुंबायची तशी तुंबली, कचरा उचलायचा तसा उचलला, त्यामुळे पुष्कळांना फरक जाणवलासुद्धा नाही. मला हे फार वाईट लक्षण वाटतं.

निवडणूक म्हणजेच लोकशाही असं मात्र समजू नकोस. प्राचीन अथेन्समध्ये पाचशे जणांची कारभारी परिषद चिठ्ठ्या टाकून निवडत. मतदानाने निवडायचे ते सेनापती. त्यांचं म्हणणं, निवडणुकीत नावाजलेला आणि पैसेवालाच येणार, चिठ्ठीत कुणीही येईल. आपल्याकडे तमिळनाडूत उत्तरमेरूर म्हणून गाव आहे, तिथल्या देवळाच्या भिंतीवर दहाव्या शतकातला चोळ राजवटीतला शिलालेख आहे. गावसभेच्या समित्यांसाठी ताडपत्राच्या चिठ्ठ्यांवर नावं लिहायची, मडक्यात टाकायची आणि लहान मुलाकडून काढून घ्यायची. वय पस्तीस ते सत्तर. आणि ज्याने आधीच्या समितीत असताना हिशेब दिला नाही, तो बाद. त्याचे जवळचे नातेवाईकसुद्धा बाद! हे कलम मी आमच्या सोसायटीच्या नोटीस बोर्डावर लावणार होतो, बायकोने अडवलं. पण त्याच शिलालेखात हेही आहे की जमीन हवी, स्वतःच्या जागेत घर हवं, वेद यायला हवेत. अथेन्समध्येही बायका आणि गुलाम बाहेरच. खोलीचं दार किती रुंद ठेवायचं, हे भांडण तेव्हापासूनचं आहे.

आमच्याकडे ते यंदा लिफ्टवरून झालं. सोसायटीच्या वार्षिक सभेत नेहमीप्रमाणे कोरम (किमान हजेरी) नाही, नेहमीप्रमाणे अर्धा तास तहकूब, मग आहेत तेवढ्यांतच सुरू. सिंकिंग फंड वगैरे पाच मिनिटांत मंजूर, पार्किंगवर पाऊण तास भांडण. शेवटी "ऐनवेळचे विषय" मध्ये एकाने ठराव टाकला की कामवाल्या बायका आणि डिलिव्हरीवाल्या पोरांनी मोठी लिफ्ट वापरू नये. लिफ्ट लवकर खराब होते म्हणे. भराभर हात वर झाले. माझ्या शेजारच्या आजी, वय ऐंशीच्या पुढे, बसल्या जागेवरून म्हणाल्या, "माझी सविता दुसऱ्या मजल्यापर्यंत पाण्याचा जार उचलून आणते, तिचा हात कुठं मोजलात?" सचिव म्हणाले, "आजी, ती मेंबर नाही." आजी म्हणाल्या, "मग मेंबर नसलेल्यांबद्दल ठरवू नका." सभा एकदम गप्प झाली. ठराव पुढच्या सभेवर ढकलला, म्हणजे मेला नाही, झोपलाय.

बहुमताने काय ठरवायचं आणि काय ठरवायचंच नाही, ही रेष प्रत्येक समाजाला आधी आखून ठेवावी लागते. आपल्याकडे ती संविधानात मूलभूत हक्क म्हणून आखली आहे. बाबासाहेबांनी २५ नोव्हेंबर १९४९ ला संविधान सभेत बजावलं होतं की आपण विसंगतीच्या आयुष्यात पाऊल टाकतो आहोत: मतात समता येईल, समाजात आणि पैशात विषमता तशीच राहील. ती विसंगती लवकर मिटवली नाही तर ही उभी केलेली लोकशाहीच उडवून लावली जाईल, असंही ते म्हणाले. आमची लिफ्ट त्या भाषणाच्या बाहेर नाही.

तू म्हणशील, गावात कुठली लिफ्ट. गावात भावकी आहे. वरची वाडी, खालची वाडी आहे. ग्रामपंचायतीला पक्षाचं चिन्ह नसतं हे खरं, पण प्रत्येक पॅनेलमागे कोण आहे ते एसटी स्टँडवरच्या कुत्र्यालाही ठाऊक असतं. त्याला भिऊ नकोस. भांडण असणारच, ते उघड्यावर आणि नियमाने होतंय ना एवढं बघ. ग्रामसभेला कोरम लागतो मतदारांच्या पंधरा टक्के किंवा शंभर जण, यांतली कमी असेल ती संख्या. तो पुरा नसेल तर सभा तहकूब, आणि तहकूब सभेला कोरमची गरज नाही. आमच्या सोसायटीसारखंच. सगळ्या भानगडी या फटीतून होतात. ग्रामसभेच्या आधी महिलांची सभा घ्यायची असते, ती खरोखर होते की नुसत्या सह्या घेतात, हे आधी शोध.

जमलं तर एकदा गडचिरोलीत मेंढा-लेखाला जाऊन ये. "दिल्ली-मुंबईत आमचं सरकार, आमच्या गावात आम्हीच सरकार" ही घोषणा तिथली. तिथे हात वर करून बहुमत मोजत नाहीत, सगळ्यांचं पटेपर्यंत बोलत बसतात. वेळखाऊ काम आहे, मला जमणार नाही. पण २००९ मध्ये सामूहिक वनहक्क (जंगलावर अख्ख्या गावाचा हक्क) मिळवणाऱ्या देशातल्या पहिल्या गावांत ते होतं, ते बोलत बसण्यामुळेच. तिथलं सगळं कोकणात चालेल असं नाही. तिथे जंगल सगळ्यांचं आहे, तुमच्याकडे आंब्याची कलमं ज्याची त्याची, आणि निम्मे मालक डोंबिवलीत.

फॉर्म भरण्याआधी एकच कर. गेल्या वर्षीचा ग्रामपंचायतीचा जमाखर्च मागून घे. देत नसतील तर माहिती अधिकाराचा अर्ज टाक, मसुदा मी पाठवतो. बँकेतला माणूस तू, दहा मिनिटांत कळेल पाणीपट्टी कुणाची थकली आहे आणि दिवाबत्तीचे पैसे कुठे गेले. त्या कागदाचा फोटो मलाही पाठव.

आणि सोडतीत तुमचा प्रभाग महिलांसाठी राखीव निघाला तर तोंड पाडून बसू नकोस. निम्म्या जागा तशा असतात. वहिनी इतकी वर्षं बचत गटाचं खातं सांभाळतायत, त्यांना उभं कर. खरं सांगायचं तर राखीव नसला तरी त्यांनाच विचार, माझं मत तुझ्याआधी त्यांना. फक्त निवडून आल्यावर मासिक सभेत त्यांच्या शेजारी खुर्ची टाकून बसायचं नाही. बाहेर पायरीवर बसायचं, चहा सांगायचा.

तुझा,
अण्णा

ता. क. सोसायटीची पुढची सभा गणपतीनंतर आहे. आजींनी सविताला बरोबर आणायचं ठरवलंय. सचिव उपविधी चाळत बसलेत, बाहेरच्या माणसाला सभेत बसू देता येतं का ते बघायला.