पंचवीस हजार तास

चि. बंडूस अनेक आशीर्वाद,

काल तू फोनवर ओरडलास म्हणून मी फोन ठेवला. बल्ब बदलायला स्टुलावर चढले होते, खरं आहे. पण कपाट घट्ट धरलं होतं आणि माई खाली उभी होती. रागवायचं तर मी तुझ्यावर. आकडा नीट आला म्हणून प्रेशरची गोळी परस्पर बंद केलीस, आणि ते मला सूनबाईकडून कळावं? अरे, आकडा नीट येतो तो गोळीमुळेच. असो. त्यावर लिहायचं नाही असं ठरवूनच बसलेय.

तर तो बल्ब. खोक्यावर २५,००० तास लिहिलंय. रोज पाच तास धरले तर जवळजवळ पावणेचौदा वर्षं होतात. माझं वय तुला ठाऊक आहे. हा बदलायची पाळी माझ्यावर यायची नाही हे लक्षात आलं आणि, खरंच सांगते, बरं वाटलं. त्या उजेडात पुढे कुणीतरी चष्मा शोधेल, कुणाचं तरी पुस्तक वाचून व्हायचं राहील. आधीचे पिवळे बल्ब हजारेक तासांत जायचे. तेव्हा असलं काही सुचायचं नाही, नवा आणायचीच घाई.

बटणांचा डबाही काढला होता. ह्यांचे शर्ट देऊन टाकताना मी बटणं कापून घेतली तेव्हा तू हसला होतास. त्यातलं एक परवा माझ्या स्वेटरला लावलं. भोकात जुना दोरा अडकला होता, माझ्याच हातचा. तो उसवायला नको वाटला, म्हणून त्याच्यावरूनच शिवलं. दिवसभर तिथेच हात जात होता.

हेही म्हणायचे, मला काही होत नाही. प्रेशर दुखत नाही रे, तीच तर पंचाईत. तू त्यांच्यासारखा तोंडी हिशोब करतोस, परक्याच्याही मदतीला आधी धावतोस. लोक सांगतात तेव्हा मी वर वर काही दाखवत नाही. तेवढं एक सोडून सगळं त्यांचं घे.

झाला उपदेश. राग मानू नकोस. स्टुलाचं म्हणशील तर पुढच्या वेळी शेजारच्या मुलाला हाक मारीन.

तुझी आई

ता.क. प्रेशर मोजताना पाच मिनिटं पाठ टेकून बस, हात टेबलावर ठेव, बोलू नकोस. जिना चढून आल्या आल्या मोजलंस तर आकडा चढाच येणार. आणि गोळीचं डॉक्टरांना विचार, मला नको.