घर घेतलं, त्याबद्दल

ती. आई-बाबा,
शि. सा. न.

परवा फोनवर बोलणं अर्धवट राहिलं, म्हणून लिहितेय. घराच्या सह्या झाल्या. कायमचे इथलेच झालो असं मनात आणू नका, पण पुढची काही वर्षं इथेच. माझी माडीवरची खोली आहे तशीच राहू दे.

बाबा, तुम्ही "ओंडक्यांचं खोपटं" म्हणालात ते लागलं. व्हर्जिनियाच्या या शेनन्डोआ खोऱ्यात अठराव्या शतकात पेनसिल्व्हेनियातून उतरलेल्या जर्मन आणि स्कॉच-आयरिश शेतकऱ्यांनी अशी घरं बांधली. आमचं त्यांच्या नंतरच्यांचं. बाहेरून साध्या फळ्या दिसतात; त्या काढल्या तर आत कुऱ्हाडीने तासलेले ओंडके, घावांसकट. कोपऱ्यात ओंडक्यावर ओंडका खाचेत बसवलाय, एक खिळा नाही. खाचेला दोन्हीकडे उतार, पाणी साचू नये म्हणून. तुम्ही तिथून हलणारच नाही, बघा! लाकूड चेस्टनटचं. १९०४ मध्ये न्यूयॉर्कला बुरशीचा रोग दिसला आणि पुढच्या काही दशकांत अमेरिकेतली अब्जावधी चेस्टनटची झाडं गेली. असं लाकूड आता मिळायचं नाही.

वाळवी तपासून घेतली. एका भिंतीच्या फटींत कुणी सिमेंट भरलं होतं, त्यात ओल कोंडून तळचा ओंडका कुजला होता. तो बदलला. आता दगडाच्या कपच्या आणि चुनाच. आजोबा ओटीला सिमेंट लावू देत नव्हते, ते किती बरोबर होतं!

तुमची खोली खालीच, संडास-बाथरूम लागून. बाबांच्या गुडघ्याला एकही पायरी नाही. गरम पाणी कधीही. थंडीत खोली उबदार राहते, शाली भरू नका. आई, देवांसाठी पूर्वेची भिंत ठेवलीय. पोळपाट, कुकर सगळं आहे. दवाखाना गाडीने जवळ.

छपराला पत्रा आहे. पाऊस लागला की बाबांच्या पोटावर डोकं ठेवून झोपावंसं वाटतं, अजूनही.

बाबा, शिडीवर चढायचं नाही, नारळ पाडायला माणूस बोलवा. गुडघ्याचा एक्स-रे या आठवड्यातच. आई, बीपीची गोळी "बरं वाटतंय" म्हणून बंद करायची नाही, आणि उपासाच्या दिवशीही घ्यायची. दोघांचे पासपोर्ट काढून तारखा बघा, संपत आल्या असतील तर दादाला लगेच अर्ज भरायला लावा. फोटो काढायला जाताना आई, ती मोरपंखी साडी नेस.

तुमची,
छकुली