नोंद पृथ्वीच्या वयापाशीच थांबू नये

महोदय,
क्लेअर पॅटरसन हे नाव आपल्याकडे आलेच तर '१९५६ साली पृथ्वीचे वय सुमारे ४५५ कोटी वर्षे ठरवणारे शास्त्रज्ञ' एवढ्याच ओळखीने येते. ज्ञानकोशातली त्यांच्यावरची नोंद तेवढ्यावर आटोपली, तर निम्मा माणूस बाहेरच राहतो. हे वय काढण्यासाठी उल्केतले शिसे मोजताना हवेतले, भांड्यांवरचे शिसे मोजमाप बिघडवत होते, म्हणून त्यांनी अमेरिकेतील कॅलटेक या विद्यापीठात गाळलेल्या हवेची, आम्लाने धुतलेल्या उपकरणांची प्रयोगशाळा उभारली. हे शिसे येते कुठून, याचा माग त्यांना शिसे मिसळलेल्या पेट्रोलपर्यंत घेऊन गेला. हवेतले शिसे वाढत गेल्याची साक्ष ग्रीनलंडच्या बर्फाच्या थरांनी दिली. शिशाच्या प्रदूषणावरच्या त्यांच्या १९६५च्या लेखानंतर शिसे वापरणाऱ्या उद्योगांशी वाजले. १९७१मध्ये अमेरिकेच्या नॅशनल रिसर्च काउन्सिलच्या हवेतील शिशावरच्या अभ्यासगटात त्यांनाच जागा नव्हती! डबाबंद ट्यूना माशातले शिसेही त्यांनी दाखवून दिले.

नोंदीत हा संघर्ष सनावळीसह, संदर्भ देऊन यावा. मात्र 'एकट्याने जग वाचवले' छापाची भलामण नको. शिशाच्या विषबाधेवर आवाज उठवणारे इतरही होते. आपल्याकडे शिसेयुक्त पेट्रोल २००० साली बंद झाले, हेही एका ओळीत जोडता येईल.
– एक वाचक, मिरज