शेवटच्या रिळाआधी मरणाऱ्या बाया

ठाणे, १८ नोव्हेंबर

प्रिय सुलू,

परवा फोनवर तू जे बोललीस ते काही डोक्यातून जाईना, म्हणून कागद घेऊन बसले. फोनवर तुझ्याशी वाद घालण्यात अर्थ नाही. तू मध्येच कुकर बंद करायला जातेस आणि परत येतेस ती जिंकूनच. पत्रात तसं करता यायचं नाही, मुकाट्याने ऐकून घ्यावं लागेल.

तू म्हणालीस, ‘त्या हॉलिवूडच्या नटीचं, इव्हेट व्हिकर्सचं बघ. जन्मभर बारकीसारकी कामं केली, आणि शेवटी घरात मरून पडली तर वर्षभर कुणाला पत्ता नाही. आपलं तरी वेगळं काय होणारे?’ आणि त्यावर, आता मालिकांची कामं बंद करून शिकवण्या घेणार म्हणालीस. शिकवण्या घे, बापडी. गणित तुझं चांगलंच आहे. पण त्यासाठी त्या बाईला मध्ये ओढू नकोस. तिच्याबद्दल तुला फक्त मरण माहीत आहे आणि मला काम माहीत आहे, एवढाच आपल्यातला फरक.

आधी मरणाचं उरकते. २७ एप्रिल २०११. लॉस एंजेलिसमध्ये बेनेडिक्ट कॅन्यन म्हणून डोंगराळ भाग आहे, तिथलं जुनाट घर. शेजारीण, तीही अभिनेत्रीच, हिच्या टपालपेटीत पिवळी पडलेली पत्रं आणि कोळिष्टकं बघून आत शिरली. वरच्या खोलीत हीटर अजून चालू, आणि बाईंचा देह सुकून गेलेला. वय ८२. हृदयविकार. नेमकी कधी गेली ते कळलंच नाही. वर्ष झालं असेल, असं म्हणतात. पुढच्याच वर्षी अमेरिकेतल्या एका मोठ्या मासिकात माणसांच्या एकटेपणावर लांबलचक लेख आला, त्याची सुरुवातच तिच्या मरणाने. म्हणजे पन्नास वर्षं जिला कुणी मोठी भूमिका दिली नाही, तिला मेल्यावर लेखाच्या पहिल्या परिच्छेदात जागा मिळाली. तीही उदाहरण म्हणून. ते भयंकर आहे, आणि मी त्याला साखर लावणार नाही. त्या हीटरचं मनात आलं की माझंही काळीज हलतं.

आता काम ऐक.

वडील जॅझमधले सॅक्सोफोनवाले, आई पियानोवाली, जन्म कॅन्सास सिटीचा. लॉस एंजेलिसच्या विद्यापीठात शिकताना अभिनयाचा वर्ग घेतला आणि मग तिकडेच वळली. १९५०चा ‘सनसेट बुलेव्हार्ड’ आपण दोघींनी फिल्म सोसायटीत पाहिलाय, आठव. नवीन वर्षाच्या पार्टीत नायकाला, विल्यम होल्डनला, फोन करायचा असतो आणि दोन पोरी फोन अडवून खिदळत बसलेल्या असतात. त्यातली एक ही. तेवढंच. मग शांपूच्या जाहिराती, आणि थेट १९५७मध्ये जेम्स कॅग्नी या बड्या नटाने आयुष्यात एकच सिनेमा दिग्दर्शित केला त्यात बऱ्यापैकी काम. कॅग्नीने उभं केलं म्हणजे आता नशीब उघडणार, असं कुणालाही वाटलं असतं. सिनेमा चालला नाही. म्हणजे पिठलं शिजलं आणि पंगत उठली.

तिच्या नशिबी आला तो वेगळाच बाजार. तेव्हा अमेरिकेत मोटारीत बसून सिनेमा बघायची उघडी थिएटरं होती, एका तिकिटात दोन सिनेमे, आणि प्रेक्षक म्हणजे कॉलेजातली पोरंपोरी, त्यांना निम्मा वेळ पडद्याकडे बघायचंच नसायचं. असे सिनेमे लाख डॉलरच्या आत, आठ-दहा दिवसांत उरकायचे. आधी नाव आणि पोस्टर, मग जमेल तसा सिनेमा. ‘अटॅक ऑफ द फिफ्टी फूट वुमन’, १९५८. पोस्टरवर एक अवाढव्य बाई हमरस्त्यावर पाय फाकून उभी आहे आणि हातात मोटार उचलून धरली आहे. रेनल्ड ब्राउनचं चित्र, आजही लोक भिंतीवर लावतात. सिनेमात हा प्रसंगच नाही! सिनेमात ती राक्षसीण इतकी वाईट छापली आहे की तिच्या पोटातून पलीकडची घरं दिसतात, आणि खिडकीतून आत येणारा तो भला मोठा हात गणपतीच्या देखाव्यात कुणी ठेवला असता तर मंडळाने परत पाठवला असता. दिग्दर्शकाने श्रेयनामावलीत स्वतःचं आडनावसुद्धा बदलून टाकलंय, आता बोल.

राक्षसीण झालेली अॅलिसन हेज ती नायिका. नवऱ्याने, हॅरीने, फसवलेली श्रीमंत बायको. आपली इव्हेट ती हनी पार्कर, म्हणजे नवऱ्याची मैत्रीण. गावातल्या बारमध्ये बसणारी, हसणारी, नाचणारी, आणि बायकोला औषधाचं जास्तीचं इंजेक्शन देऊन संपव म्हणून त्याला चिथवणारी. लिहिताना लेखकाने या बाईवर पाच मिनिटंही घालवली नसतील. पण तू तिला बघ. हॅरीने बायकोचा विषय काढला की ती मान वळवत नाही, नुसते डोळे फिरवते, आणि त्यात ‘अजून किती दिवस हे ऐकायचंय मला’ हे सगळं येतं. पोलिसाच्या हाताखालच्या त्या बावळट पोराला नादी लावून नाचायला घेऊन जाते तेव्हा चेहरा त्याच्याकडे आणि लक्ष हॅरीकडे. हे दिग्दर्शकाने सांगितलेलं नसणार. तेवढा वेळच नव्हता कुणाकडे. शेवटी छत कोसळतं आणि ती तुळईखाली मरते. हिच्यासारख्या बाया शेवटच्या रिळाआधी मरायच्याच, तो नियम होता.

(हेजबाईंचं जाता जाता सांगते. हाडांना बळ यावं म्हणून ती कॅल्शियमच्या गोळ्या घ्यायची, तपासणीत त्यात शिसं निघालं. १९७७मध्ये वयाच्या ४६व्या वर्षी गेली. तेव्हा जिची भूमिका मोठी तिचं बरं होतं असंही नाही.)

मला मात्र इव्हेटचा दुसरा सिनेमा जास्त आवडतो. ‘अटॅक ऑफ द जायंट लीचेस’, १९५९. म्हणजे जळवा. रॉजर कॉर्मन आणि त्याचा भाऊ जीन, दोघांची निर्मिती. कथा घडते फ्लोरिडाच्या दलदलीत, शूटिंग झालं लॉस एंजेलिसजवळच्या वनस्पती उद्यानात. जळवा म्हणजे काळ्या प्लास्टिकच्या खोळीत घुसलेली माणसं. नीट बघितलं तर आत कोपर कुठे आहे तेही कळतं. इव्हेट यात लिझ वॉकर. जाड, म्हाताऱ्या दुकानदाराची तरुण बायको. गल्ल्यावर बसलेला नवरा, दुकानात टवाळक्या करणारी टोळी, आणि आतल्या खोलीत ही. आता असल्या सिनेमात ही भूमिका म्हणजे फक्त पोस्टरपुरती. बाई तोकड्या कपड्यांत दिसली की निर्मात्याचं काम झालं. पण पाण्याच्या काठावर प्रियकराबरोबर बसलेली असताना ती आधीच्या लग्नाबद्दल, या म्हाताऱ्याशी का लग्न केलं त्याबद्दल बोलू लागते आणि सिनेमाचा पोतच बदलतो. रडत नाही. स्वतःची कीव करत नाही. उधारी सांगावी तशा आवाजात सांगते. तेवढ्यात नवरा बंदूक घेऊन येतो, दोघांना पाण्यात ढकलतो, आणि मग ती खोळीतली माणसं. गुहेत रक्त शोषून पांढरीफटक पडलेली लिझ कण्हते ते दृश्य अजून अंगावर येतं, सुलू. खोळी बघून हसू येतं, तिला बघून येत नाही.

मला तुला हेच सांगायचं होतं. पैसे नसले की राक्षस खोटा दिसतो, भिंत हलते, पाऊस एकाच बाजूने पडतो. तिथे भीती आणायची कुणी? ज्याच्या वाट्याला चार सीन आलेत त्या नटाने. मोठ्या सिनेमात लहान काम वाईट झालं तर खपून जातं, मागे ऑर्केस्ट्रा असतो, कॅमेरा असतो. या सिनेमात ती एकटी बाई खोटी पडली असती तर सगळाच बाजार उठला असता.

आणि हे तुला कळत नाही असं म्हणू नकोस. त्या पौराणिक मालिकेत हिरव्या क्रोमाच्या पडद्यासमोर असिस्टंट पोऱ्या झाडूच्या दांड्याला पिवळा चेंडू अडकवून उभा होता, ‘ताई, इथे बघा, हा असुर’. तू त्या चेंडूकडे बघून अशी मागे सरकलीस की मेकअपदादा चहा प्यायचा थांबला. नंतर लावलेला असुर भिकार होता. आमच्या सोसायटीतल्या पोरांनी असुराची टिंगल केली, तुझी नाही केली. मी तेव्हा तुला हे सांगितलं नव्हतं कारण तू आधीच फुगली होतीस.

रामसेबंधूंचे भुताचे सिनेमे बघायला आपण घरी खोटं बोलून जायचो, तेही काही वेगळं नव्हतं. सात भाऊ, एकाने कॅमेरा धरायचा, एकाने आवाज, आणि १९७२मध्ये ‘दो गज जमीन के नीचे’ आपल्या महाबळेश्वरात घरच्याच फौजेने उरकलेला. त्यातल्या बाया कितीतरी सिनेमांत किंचाळून गेल्या, आपल्याला एकीचं नाव सांगता येईल का? त्यांच्या त्या राक्षसाचं, सामरीचं नाव मात्र तोंडपाठ.

आता पैशाचं, कारण तुझा खरा राग तिथे आहे. नव्वद दिवसांनी चेक, त्यात काम मिळवून देणाऱ्या कोऑर्डिनेटरचा वाटा, आणि मालिका दुसऱ्या चॅनेलवर पुन्हा दाखवली तर दमडी नाही. त्या एका निर्मात्याने आपले बुडवलेले पैसे मीही विसरलेले नाही. पण हे दुखणं तिलाही होतं, आणि जास्तच कडू. १९६०मध्ये हॉलिवूडच्या नटांनी संप केला, तेव्हा त्यांच्या संघटनेचा अध्यक्ष होता रोनाल्ड रेगन, पुढे अमेरिकेचा अध्यक्ष झाला तोच तो. मागणी होती, सिनेमा टीव्हीवर दाखवला तर नटाला वाटा हवा. तडजोड अशी झाली की १९६०पासूनच्या सिनेमांना वाटा मिळेल. त्याआधीच्यांसाठी निर्मात्यांनी साडेबावीस लाख डॉलर एकरकमी देऊन पेन्शन आणि आरोग्याचा निधी उभा करायचा, विषय संपला. आता तिच्या सिनेमांची सालं परत वाच. १९५७, ५८, ५९. रात्री उशिरा टीव्हीवर तिचे सिनेमे वर्षानुवर्षं चालले, जळवांचा तर आज कुणीही फुकट दाखवू शकतो, आणि तिच्या हातात त्याचं काही नाही. नशीब वगैरे नाही हे. हा करार आहे, कुणीतरी सह्या करून केलेला. म्हणून आपल्या संघटनेच्या सभेला तू येत नाहीस याचा मला राग येतो.

पुढे तिचं काम कमी होत गेलं. जुलै १९५९मध्ये ‘प्लेबॉय’त तिची चित्रं आली, त्याने कामं वाढली की शिक्का बसला, यावर मी तुझ्याशी भांडायला तयार आहे. मला वाटतं शिक्का बसला. १९६३च्या ‘हड’मध्ये ती पॉल न्यूमनबरोबर आहे, पण डोळे मिटून उघडलेस तर निसटेल. नंतर टीव्हीवर किरकोळ काही, मध्ये वर्षंच्या वर्षं रिकामी, १९९०मध्ये शेवटचा एक भयपट. पण घरी बसून कुढली असं नाही. आईवडिलांच्या आठवणीसाठी जॅझची गाणी गाऊन सीडी काढली. जुन्या भयपटांच्या चाहत्यांची संमेलनं भरायची तिथे जायची, फोटोंवर सह्या करायची, गप्पा मारायची. आत्मचरित्र लिहायला घेतलं होतं. तिच्या फोनची बिलं बघितली तर शेवटचे फोन कुठल्या कुठल्या गावच्या चाहत्यांना केलेले निघाले. त्या लेखाला त्यात एकटेपणा दिसला. असेलही. पण पन्नास वर्षांपूर्वीच्या तासाभराच्या सिनेमातली हनी पार्कर कुणाला आठवते, आणि ती त्याला उलट फोन करते, यात मला नुसतं वाईट दिसत नाही. तुला कुणाचा आलाय का असा फोन? मला एकदा वैजापूरहून आला होता, ‘तुम्ही त्या नर्स ना?’ म्हणून. दोन दिवस हवेत होते.

शेजाऱ्यापाजाऱ्यांनी पेटी भरलेली बघून आधी दार का वाजवलं नाही, हा प्रश्न त्या गल्लीला विचार. अभिनयाला नको. बँकेतून रिटायर झालेले आमचे तिसऱ्या मजल्यावरचे काका तीन दिवस दार उघडत नव्हते, त्यांनी कुठे राक्षसाच्या सिनेमात काम केलं होतं?

बाकी इकडे ठीक. ह्यांचा गुडघा पुन्हा धरलाय, मालिशवाला येतो, त्याला सिनेमात जायचंय, मी काही बोलत नाही. येत्या रविवारी संध्याकाळी ये. जळवांचा सिनेमा तासाभराचाच आहे, तुझ्या झोपेच्या वेळेआधी संपेल. पोहे करीन.

तुझी,
मंदा

ता. क. वाईला घाटावरच्या सीनसाठी चार बायका हव्या आहेत, वाक्यं फक्त एकीला. कोऑर्डिनेटरला मी त्या एकीसाठी तुझं नाव सांगून ठेवलंय. कॉल सकाळी सातचा, गाडी पहाटे दोनला माझ्या इमारतीखालून सुटेल. नऊवारी आपली आपण आणायची, हिरवी नको म्हणालाय. शिकवण्यांचा विषय त्यानंतर बोलू.