हौशी म्हणजे दुय्यम नव्हे

रविवारच्या पुरवणीतील गोल्फच्या इतिहासावरील लेखात हौशी, म्हणजे पैशासाठी न खेळणाऱ्या, महिला खेळाडूंची एका वाक्यात बोळवण केली आहे, हे पटले नाही. इंग्लंडच्या जॉइस वेदरेड यांचे तर नावही नाही! १९२० साली शेरिंगहॅमला, अवघ्या १८ वर्षांच्या असताना, त्यांनी तेव्हाच्या दबदबा असलेल्या सेसिल लीच यांना अंतिम फेरीत हरवले आणि १९२४ पर्यंत सलग पाच वर्षे इंग्लिश विजेतेपद सोडले नाही. ब्रिटिश हौशी स्पर्धाही चारदा जिंकली. त्यातली १९२९ ची अंतिम लढत स्कॉटलंडमधील सेंट अँड्र्यूजला होती. प्रतिस्पर्धी, अमेरिकेच्या ग्लेना कॉलेट पाच होलने (म्हणजे जिंकलेल्या पाच होलच्या आघाडीने) पुढे गेल्या होत्या. तिथून वेदरेड यांनी सामना खेचून आणला; हे येरागबाळ्याचे काम नाही. अमेरिकेचे दिग्गज गोल्फपटू बॉबी जोन्स यांनीही, वेदरेड यांच्यापुढे वाटले तितके थिटे आपल्याला कुणापुढे वाटले नव्हते, अशी कबुली दिली होती. (जोन्स यांनीही मोठी विजेतेपदे मिळवली ती हौशी म्हणूनच; त्यांना मात्र लेखात मानाचे पान आहे.) १९३५ मध्ये वेदरेड यांनी अमेरिकेत पैसे घेऊन प्रदर्शनीय सामने खेळले, तेव्हा त्या हौशी राहिल्या नव्हत्या. म्हणजे मोठेपण आधीच सिद्ध झाले होते, मानधन नंतर आले. या विषयावर पुन्हा लिहिताना त्यांची दखल घ्यावी.

– एक वाचक, पुणे